वरच्या फळीवरची बाटली

मुंबईत मी लग्नांना गेले आहे, दवाखान्यात गेले आहे, एकदा विमान पकडायलाही गेले आहे. माणसं महागडी दारू कशी आणि का विकत घेतात हे बघायला मात्र पहिल्यांदाच गेले. पाच दिवस होते. परत येऊन आता बरेच महिने झाले, पण अजून कुणी नीट विचारलं नाही म्हणून लिहून काढते आहे.

मी दिंडोरीजवळच्या एका छोट्या डिस्टिलरीत ब्लेंडर आहे. म्हणजे काय, हे पाहुण्यांना समजावून सांगायचा मला कंटाळा येतो. म्हणून बहुतेक वेळा 'फूड कंपनीत आहे' एवढंच सांगते, आणि लोक बिस्किटं वगैरे समजून गप्प बसतात. खरं काम असं, की कोणती वनस्पती स्पिरिटमध्ये किती वेळ ठेवायची आणि भट्टीतून उतरणाऱ्या धारेतला कुठला भाग घ्यायचा, कुठला टाकायचा, हे नाकाने ठरवायचं. तीन वर्षं मी एका जिनवर काम करत होते. जुनिपरची फळं, धणे, लिंबाची साल आणि कोकम. आमच्या मालकांना, शिरीषदादांना, ती आवडली होती. पण एप्रिलमध्ये त्यांनी एका जाहिरात एजन्सीच्या लोकांना बोलावलं. ते लॅपटॉप घेऊन आले, भिंतीवर रंगीत आलेख दाखवले आणि दर दोन वाक्यांनी 'प्रीमियम' म्हणाले. लोक आता कमी पितात पण भारी पितात, असं त्यांचं म्हणणं. बाटली धुरकट काचेची हवी, नाव इंग्रजी हवं, किंमत दुप्पट हवी. आत काय आहे यावर एकच पान होतं.

"आत कोकम आहे," मी म्हटलं.

"ते छानच आहे मॅडम, पण ग्राहक आधी काच बघतो," त्यातला एक जण म्हणाला.

शिरीषदादा माझ्याकडे वळले. "मेधा, तू पाच दिवस मुंबईला जा. इथे प्रयोगशाळेत बसून नाक चालवण्यापेक्षा बाजार बघून ये. आल्यावर आपण ठरवू. मेअखेर बाटल्या भरायच्या आहेत."

मी दोन बाटल्या, त्यांच्या पावत्या आणि स्वतःचं परमिट घेतलं, बाटल्या टॉवेलात गुंडाळल्या आणि निघाले.

लालबाग, पोचल्याचा दिवस

उतरले वैशालीकडे. वैशाली सावंत माझी कॉलेजातली मैत्रीण. दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत ती, तिचा नवरा आणि तिची सासू राहतात. सासूबाईंना सगळी चाळ शालिनीकाकी म्हणते, म्हणून मीही काकीच म्हणते. सत्तरीच्या आहेत, बारीक, ताठ. उन्हाळ्यात चाळीतल्या निम्म्या घरांचा मालवणी मसाला त्यांच्या देखरेखीखाली भाजला जातो, कारण मिरची कधी काढायची हे त्या वासावरून सांगतात. त्या दिवशीही जिन्यापासूनच धणे-बडीशेप भाजल्याचा वास होता आणि मला तिसऱ्या पायरीवर शिंक आली.

"खंय कामाक आसस गो तू?" त्यांनी पाणी देता देता विचारलं.

"सरबतं, अर्क असलं बनवतो आम्ही," मी म्हटलं.

वैशालीने माझ्याकडे पाहिलं आणि भाजी निवडायला घेतली. तिने मला आधीच सांगून ठेवलं होतं की तिचे सासरे दारूपायी गेले. मी खोटं बोलले ते त्यामुळे, अशी मी माझी समजूत घातली. पण खरं सांगायचं तर मी नाशिकलाही असंच काहीतरी सांगते.

गिरगाव

दुसऱ्या दिवशी सकाळी मिसळ खाऊन (आमच्या नाशिकच्या मिसळीपुढे ती फारच सौम्य, पण सोबत पीयूष मिळालं म्हणून माफ केलं) ठाकूरद्वारजवळच्या एका जुन्या वाइन शॉपमध्ये गेले. दुकान हेमंतभाईंचं. त्यांच्या आजोबांपासून चालत आलेलं. शिरीषदादांच्या ओळखीने मला काउंटरच्या आत स्टूल मिळालं.

हेमंतभाई गुजराती, पण मराठी अस्सल गिरगावचं. आणि गंमत म्हणजे त्यांनी आयुष्यात एक थेंबही चाखलेला नाही.

"मग कुठली चांगली हे गिऱ्हाइकाला कसं सांगता?" मी विचारलं.

"मी बाटलीकडे बघतच नाही, माणसाकडे बघतो. तुम्ही बसा इथे अर्धा दिवस, सगळं कळेल."

बसले. पूर्वी त्यांच्या दुकानाला लोखंडी जाळी होती. माणसं जाळीतून हात घालायची, वर्तमानपत्रात गुंडाळलेली बाटली काळ्या पिशवीतून घ्यायची आणि मान खाली घालून निघून जायची. जाळी त्यांनी काढली. आता लोक आत येतात, बाटली उचलून बघतात, मागचं लेबल वाचतात, मोबाइलवर काहीतरी शोधतात आणि खाकी कागदाच्या पिशवीतून, नाव बाहेर दिसेल अशी घेऊन जातात. सगळ्यात वरच्या फळीवर हेमंतभाईंनी पिवळे दिवे लावले आहेत. तिथली बाटली काढायला शिडी लागते.

"शिडी मुद्दाम ठेवलीय," ते म्हणाले. "खाली ठेवली तर खपत नाही. मी शिडी चढलो ना, की गिऱ्हाइकाला वाटतं आपल्यासाठी काहीतरी खास काढतायत."

अकराच्या सुमारास दोन मुली आल्या, ऑफिसची कार्डं गळ्यात. एकीने जिन मागितली. "नवीन काही आहे का? इंडियन?" दुसरी म्हणाली, "छोटी आहे का पण? आवडली तर मोठी नेऊ." छोटी बाटली घेऊन गेल्या. हेमंतभाईंनी मला डोळ्यांनीच खूण केली. "बघितलंत? पूर्वी छोटी बाटली गरिबाची असायची. आता ती चाखून बघणाऱ्याची झालीय. आणि बायका. आधी बायका रस्त्याच्या पलीकडे उभ्या राहून नवऱ्याची वाट बघायच्या."

मला आमच्याकडची आठवण झाली. नाशिकच्या आसपास आता द्राक्षांच्या बागांत बसून वाइन पिणारे पर्यटक ढीगभर, पण गावातली बाई दुकानात गेली तर संध्याकाळपर्यंत तिच्या माहेरी कळतं.

दुपारी एक साठीपुढचे गृहस्थ आले. इस्त्रीचा शर्ट, हातात छत्री. हेमंतभाई न विचारताच शिडीवर चढले आणि एक सिंगल माल्ट काढली. गृहस्थांनी बाटली नाही, आधी तिचं खोकं नीट तपासलं. कोपरा चेपलेला निघाला तेव्हा दुसरं मागितलं. हे परांजपे. बँकेतून निवृत्त. जन्म गिरगावातला, आता राहायला दादरला, पण बाटली इथूनच घेतात.

"ह्या स्वतः जिन बनवतात," हेमंतभाईंनी माझी ओळख करून दिली.

"बाई बनवतात?" परांजपे म्हणाले आणि लगेच ओशाळले. "म्हणजे वाईट अर्थाने नाही हो. उलट... तुम्ही उद्या आमच्याकडे याच. बुधवारी आमची बैठक असते. मिसेसही असतात."

दादर

बैठक म्हणजे परांजप्यांचा हॉल, तीन वेताच्या खुर्च्या, एक पंखा आणि टीपॉयवर कोथिंबीर वडी, भाजणीची चकली, खारे दाणे. दुपारचे साडेचार. माणसं तीनच होती: परांजपे, त्यांच्या पत्नी नलिनीताई आणि शेजारचे देसाई, जे एकेकाळी कॉलेजात इतिहास शिकवत. दर बुधवारी एकेकच छोटा ग्लास प्यायचा आणि वहीत टिपण लिहायचं असा नियम. पाच वर्षं चालू आहे.

"आधी मी ह्यांना सोडा आणून द्यायचे आणि आतल्या खोलीत मालिका बघायचे," नलिनीताई म्हणाल्या. "एक दिवस म्हटलं, एवढं काय असतं त्यात बघू तरी. आता मालिका हे बघतात."

वही मी वाचली. 'ओल्या मातीचा', 'चामड्याच्या जुन्या पट्ट्याचा', 'शेंगदाणे जरा जास्त भाजल्यासारखा'. इतकी लक्षपूर्वक लिहिलेली टिपणं आमच्या प्रयोगशाळेतही नसतात. मला ती तिघं फार आवडली. आणि मग मी त्यांच्याशी एक वाईट गोष्ट केली.

एजन्सीवाल्यांचं 'ग्राहक आधी काच बघतो' डोक्यात फिरत होतं. खरंच तसं आहे का, हे मला बघायचं होतं. मी स्वयंपाकघरात जाऊन माझी एक बाटली उघडली आणि तीच जिन एका साध्या आणि एका नक्षीदार काचेच्या भांड्यात ओतली. बाहेर येऊन सांगितलं, की डावीकडची आमची साधी, बाराशेची. उजवीकडची नवी, साडेचार हजारांना येणार आहे.

देसाईसरांनी दोन्ही चाखल्या. डोळे मिटले. "डावी ठीक आहे. जरा तिखट, घशात टोचते. उजवी मात्र..." ते बोलत राहिले. उजवी गोल होती, तिच्यात खोली होती, शेवटी एक फुलाचा गंध रेंगाळत होता. परांजप्यांनी मान डोलावली आणि वहीत लिहून घेतलं. नलिनीताईंनी दोन्ही पुन्हा एकदा चाखून पाहिल्या.

मला तिथेच थांबता आलं असतं. पण वहीत ते शाईने उतरत होतं, ते मला बघवेना.

"माफ करा," मी म्हटलं. "दोन्हींत एकच जिन आहे."

मग परांजपे हसायला लागले, अगदी मोकळे, पोट धरून. देसाईसर मात्र हसले नाहीत. त्यांनी ग्लास टीपॉयवर ठेवला, चष्मा खिशात घातला. "तुमच्या कामासाठी आम्ही उपयोगी पडलो, आनंद आहे," म्हणाले आणि घरी गेले. दार त्यांनी आवाज न करता लावलं, ते मला जास्त लागलं.

"तुम्हाला सारखीच लागली होती ना?" मी नलिनीताईंना विचारलं.

"हो. पण हे दोघं एवढं रंगून बोलत होते, मला वाटलं माझ्याच जिभेला कळत नसेल." त्यांनी मला आणखी एक कोथिंबीर वडी वाढली. "सरांचं मनाला लावून घेऊ नका. त्यांची बायको गेल्यापासून आठवड्यात हा एकच तास ते कुणाशी बोलतात."

लालबागला परतताना मी शिरीषदादांना फोन केला नाही. एजन्सीचं म्हणणं बरोबर निघालं होतं, तेही माझ्याच प्रयोगाने. काच आणि किंमत. आत मी तीन वर्षं काय केलं याचा कुणाला फरक पडत नव्हता. आणि ते कळून घेण्यासाठी मी एका एकट्या माणसाचा बुधवार घालवला होता.

लालबाग, महाराष्ट्र दिन

त्या दिवशी ड्राय डे. हे दारूच्या धंद्यातल्या बाईने विसरावं याला काय म्हणावं? दुकानं बंद, बार बंद, माझ्या यादीतल्या दोन भेटी गेल्या. वैशालीचा नवरा कामगार दिनाच्या कार्यक्रमाला गेला होता. मी मसाल्याच्या गल्लीत भटकले, घरासाठी संकेश्वरी मिरची घेतली आणि पिशव्या सांभाळत चाळीत परतले. बाटल्या मी घरात ठेवत नव्हते, काकींना दिसू नयेत म्हणून सोबतच घेऊन फिरत होते. एक दादरला उघडलेली, अर्धी. एक भरलेली.

दुसऱ्या मजल्याच्या गॅलरीत पोचले आणि कापडी पिशवीचा बंद तुटला. अर्धी बाटली मिरच्यांवर पडून वाचली. भरलेली शहाबादी फरशीवर फुटली.

चाळीत वास लपत नाही. पाचेक दारं उघडली. "काय सांडलं?" "फिनेल का?" "नाय रे, सेंट आहे." काकी बाहेर आल्या, हातात झाडू.

"काय फुटलां गो?"

"बाटली, काकी."

"कसली?"

वैशाली दारात उभी होती, तिने काहीतरी बोलायला तोंड उघडलं होतं. पण मला आदल्या दिवसापासून स्वतःचा कंटाळा आला होता. "दारूची. मीच बनवते. त्या दिवशी सरबत म्हणाले ते खोटं बोलले."

काकींनी माझ्याकडे पाहिलं, मग शेजाऱ्यांकडे. "जावा रे आपापल्या घरात, काय तमाशो आसा?" दारं लागली. त्या खाली बसल्या, वर्तमानपत्राने काचा गोळा करू लागल्या. मी मदतीला वाकले तर हात मागे सारला. मग ओल्या फरशीवर बोट टेकवून त्यांनी ते नाकाशी नेलं.

"सोलां घातलंस ह्येच्यात."

"हो. कोकम."

"जुनी सोलां. वर्साच्या वरची." परत एकदा हुंगलं. "ताज्या रातांब्याचो वास तोंडाक पाणी आणता. ह्यो डब्यातलो वास. आमटीक चालात. नुसतो हुंगूक नाय."

मी तशीच उकिडवी बसून राहिले. त्या बरोबर होत्या. दर वेळी चव सारखी राहावी म्हणून मी एकाच व्यापाऱ्याकडून सुकी आमसुलं एकदम भरून ठेवली होती. नाशिकला आमच्या आमटीत पडतं तेच आमसूल, लहानपणापासून तोच माझ्यासाठी कोकमाचा वास. झाडावरून उतरलेला रातांबा, म्हणजे कोकमाचं ताजं फळ, मी कधी हातात घेऊन हुंगलाच नव्हता. तीन वर्षं नाक चालवलं आणि हे सुचलं नाही. दादरला देसाईसर म्हणाले होते, डावी घशात टोचते. त्यांचं तेवढं खरंच होतं, मला ऐकू आलं नव्हतं.

फरशी धुऊन झाल्यावर काकी उंबऱ्यात बसल्या. मला बस म्हणाल्या.

"गिरण बंद पडली आणि वैशालीचो सासरो पिऊक लागलो. माणूस वायट नाय होतो. कामाची सवय होती, हातांक काम नाय रवला. वीस वर्सां तो वास ह्या खोलयेत होतो. उदबत्ती लावन, पावडर मारून जायत नाय तो." त्यांनी धुतलेल्या फरशीकडे बोट दाखवलं. "तुझ्या बाटलयेचो वास तसो नाय. पण गो, वास बरो आसलो म्हणान माणूस कमी पिता काय?"

एजन्सीवाल्यांच्या आलेखांवर या प्रश्नाचं उत्तर छापलेलं होतं. लोक कमी पितात, भारी पितात. मला ते काकींना सांगवेना.

"माहीत नाही," मी म्हटलं.

"बरां. जेवक चल."

कुळथाची पिठी, भात, सुकटीची चटणी. आणि सोलकढी, जिच्यासाठी त्या आमसुलं वापरत नाहीत, भावाने कुडाळहून पाठवलेलं आगळ वापरतात, म्हणजे फळाचा काढलेला रस. मी तीन वाट्या प्यायले. तिसऱ्या वाटीला मी डोळे मिटून हुंगत होते, तेव्हा वैशाली हसली.

लोअर परळ

दुसऱ्या दिवशी मी अर्धी बाटली घेऊन एका जुन्या गिरणीच्या आवारातल्या बारमध्ये गेले. आवारात आता काचेची ऑफिसं आहेत, बारच्या आत विटांची भिंत तशीच ठेवली आहे आणि दगडाच्या पाटीवर बोटाएवढे वडापाव मिळतात, ज्यांच्या किमतीत लालबागला अख्खी गॅलरी जेवेल.

बारची मुख्य बारटेंडर प्रज्ञा. वय तिशीचं, वरळीच्या बीडीडी चाळीत वाढलेली. जेवणाची वेळ सरत आली होती, तिने बोलता बोलता ग्लास पुसणं चालू ठेवलं.

"ताई, लोक आता मेनू नाय वाचत. स्टोरी विचारतात. कुठे बनते, कोण बनवतं. एक गट असतो जो किंमत बघून सगळ्यात महागडीच्या खालची मागतो, डेटवर आलेले असतात बिचारे. पण खरा बदल माहितीये काय? एकच ग्लास घेऊन दोन तास बसणारे वाढलेत. आणि बिनदारूचं मागणारे. त्याच ग्लासात, त्याच रेटला. आधी मागायला लाजायचे."

मी माझी जिन पुढे केली. तिने थोडी ओतली, हुंगली, तोंडात फिरवली आणि स्टीलच्या भांड्यात थुंकून टाकली.

"एवढी वाईट?"

"अरे नाही ताई!" ती हसली. "मी पीतच नाही. आम्ही बौद्ध. पंचशीलातलं पाचवं शील हेच, नशा करायची नाही. रविवारी आईबरोबर विहारात म्हणते आणि सोमवारी इथे उभी राहते."

"आई काय म्हणते?"

"सहा महिने बोलत नव्हती. माझे आजोबा ह्याच गिरणीत होते, कताईखात्यात. गिरण गेली, पगार गेला, पण त्यांनी शील सोडलं नाही, त्याचा आईला केवढा अभिमान. आणि नात इथेच बार लावते! मग एक दिवस म्हणाली, ठीक आहे, काम आहे. पण तू पिऊ नकोस, आणि तुझ्यासमोर कुणाला पडू देऊ नकोस." तिने ग्लास परत हुंगला. "तुमची चांगली आहे. फक्त मागे काहीतरी जुनं लागतं. मसाल्याच्या डब्यासारखं."

मी काही म्हणणार तेवढ्यात कोपऱ्यातल्या टेबलावरून एक जण काउंटरशी आला. ऑफिसातलं कुणाचं तरी प्रमोशन साजरं होत होतं. सूट महागातला, पाय थोडे सैल.

"वन मोर. सेम," तो म्हणाला. "लार्ज."

"सर, तुमचे झाले आजचे," प्रज्ञा म्हणाली.

"मैं पे कर रहा हूँ ना?" त्याचा आवाज चढला. टेबलावरचे वळून बघू लागले. मॅनेजर लांबून निघाला. प्रज्ञाने त्याला हातानेच थांबवलं.

"सर, पुढचा माझ्याकडून. स्पेशल बनवते, बसा. पण हा बिनदारूचा असेल, सांगून ठेवते. नाही आवडला तर टॅक्सी मी बोलावते."

त्याने तिच्याकडे रागाने पाहिलं. तिने नजर खाली घेतली नाही. बर्फ फोडला, ताज्या रातांब्याचा रस घातला, भाजलेलं जिरं, चिमूटभर मीठ, वर सोडा. गडद लाल ग्लास त्याच्यापुढे सरकवला. तो उभ्यानेच प्यायला, अर्धा. मग हळूच स्टुलावर बसला. बऱ्याच वेळाने म्हणाला, "माझी आई करायची असलं. रत्नागिरीला." मराठीत म्हणाला. दुसरं काही मागितलं नाही. पाणी प्यायला, आणि मित्रांनी त्याला टॅक्सीत बसवलं.

"रोज ऐकतात का असे?" मी विचारलं.

"छे! आठवड्यातून एक शिवी तरी खाते. पण थांबवते."

काकींच्या प्रश्नाचं उत्तर मला तिथे मिळालं असं मी म्हणणार नाही. वासाने माणूस कमी पीत नाही, काचेनेही नाही. पण त्या दिवशी एक माणूस थांबला, कारण समोरच्या बाईने त्याला थांबवलं आणि रिकाम्या हाताने परत पाठवलं नाही. आणि रातांबा ताजा असला की काय होतं, ते मी काउंटरच्या अलीकडून हुंगलं होतं.

बाहेर येऊन मी शिरीषदादांना फोन लावला.

"बाटल्या भरायच्या थांबवा. कोकम जुनं आहे."

"काय? तूच पास केलंयस ना ते?"

"हो, मीच. चुकले. आता ताजे रातांबे झाडावर आहेत, पाऊस लागला की संपतील. मला उद्याच कुडाळला जाऊ द्या."

ते बराच वेळ बोलले. एजन्सी, तारखा, दिवाळी, माझा हट्ट. मी ऐकून घेतलं. शेवटी तडजोड झाली: दिवाळीला कोकम नसलेली, साधी जिन धुरकट बाटलीत येईल. मला लहान भट्टी आणि एक हंगाम. छोट्या बाटल्या, मागच्या लेबलवर आत काय आहे ते खरं खरं. ती धुरकट बाटलीवाली चांगली खपते आहे, हे प्रामाणिकपणे इथेच सांगून टाकते. माझी अजून मुरते आहे.

निघताना

निघायच्या सकाळी मी आधी दादरला जाऊन देसाईसरांच्या दाराची बेल वाजवली. त्यांनी दार उघडलं, मला ओळखलं, आत बोलावलं नाही. मी उंबऱ्याबाहेरूनच सांगितलं, की ते घशात टोचतं म्हणाले ते अगदी बरोबर होतं, दोष माझ्या मालात होता, आणि मी त्यांची फसवणूक करायला नको होती.

"पुढची झाली की पाठवा," ते म्हणाले. "किंमत सांगू नका."

लालबागला येऊन सामान उचललं. काकींनी भावाचा नंबर कागदावर लिहून दिला होता, वर त्याच्या बायकोसाठी मसाल्याची पुडी. त्या मला जिन्यापर्यंत सोडायला आल्या. पलीकडच्या खोलीतल्या, कालच गावाहून परतलेल्या बाई कपडे वाळत घालत होत्या.

"पावणी चालली?" त्यांनी विचारलं. "काय करतेस गो तू कामाला?"

वैशालीने माझी बॅग घट्ट धरली. मला काकींकडे बघायचा धीर झाला नाही.

"दारू बनवते," मी म्हटलं.

बाईंच्या हातातली चादर तशीच राहिली. त्यांनी काकींकडे पाहिलं, सगळ्या चाळीला माहीत असलेल्या दारूच्या वीस वर्षांसकट. काकींनी पदर खोचला, माझ्या हातातली मसाल्याची पुडी नीट बांधली आहे का ते तपासलं आणि म्हणाल्या,

"नाक बरां आसा तिचां. शिकतली."